काडीमोड ते हुकूमनामा : घटस्फोटाच्या पुराव्याचा इतिहास

मांजरी बुद्रुक आणि मांजरी खुर्द ही मुळा-मुठेच्या दोन तीरांवरची गावे. पुण्याहून सोलापूरकडे निघालेली आगगाडी हडपसर मागे टाकते आणि मांजरीचे स्थानक येते. ऊस आणि द्राक्षे यांच्या संशोधनामुळे या गावाचे नाव शेतकऱ्यांत सर्वतोमुखी झालेले आहे. २०२१ साली मांजरी बुद्रुक पुणे महानगरपालिकेत सामील झाले आणि गावाचे शहर झाले. तथापि गावपणाची एक खूण सहजासहजी पुसली जात नाही. कोणाच्या घरात काय चालले आहे, कोणाची लेक किती वर्षे माहेरी येऊन राहिली आहे, कोणत्या जावयाने दुसरा घरोबा केला आहे, हे आळीतल्या माणसास ठाऊक असते. त्यासाठी कोणी साक्षीदार बोलावीत नाही की कागद मागत नाही.

हीच लेक शिवाजीनगरच्या न्यायालयाच्या आवारात पाऊल टाकते तेव्हा मात्र तिला पहिला प्रश्न येतो तो पुराव्याचा. साऱ्या गावास जे ठाऊक आहे ते न्यायाधीशांस ठाऊक नाही, आणि असले तरी त्यांनी ते ठाऊक नसल्यासारखेच वागावयाचे असते. घटस्फोट कोणत्या कारणांनी मिळतो याची यादी कायद्याच्या पुस्तकात कोणासही वाचावयास मिळेल. आम्हास येथे सांगावयाचे आहे ते त्या यादीविषयी नसून, ती कारणे सिद्ध कशी करावयाची या प्रश्नाच्या इतिहासाविषयी आहे. आमच्या मते हिंदू विवाहाच्या कायद्यातील खरा संघर्ष तेथे झाला, व अद्यापि चालू आहे. कायद्याने दिलेला हक्क केवढा, हे त्यासाठी मागितल्या जाणाऱ्या पुराव्यावरून ठरत असते.

हिंदूंत घटस्फोट पूर्वी नव्हताच, तो १९५५ च्या कायद्याने आणला, असे पुष्कळ सुशिक्षित लोक समजतात. ते अर्धेच खरे आहे. नारद व पराशर यांच्या स्मृतींनी पाच आपत्तींत स्त्रीला दुसरा पती करण्याची मोकळीक सांगितली आहे. कौटिल्याने धर्म्य विवाहास मोक्ष नाही असे म्हटले. परंतु इतर प्रकारच्या विवाहांत उभयतांस एकमेकांचा द्वेष वाटत असेल तर सुटका मान्य केली. पुढे वरिष्ठ वर्णांत ही वाट बुजली. बहुजन समाजात ती कधीच बुजली नव्हती. काडीमोड हा शब्दच त्याची साक्ष देतो : पंचांसमक्ष काडी मोडली की संबंध तुटला. सोडचिठ्ठी, फारकत, पाट, मोहतूर हे शब्द आपल्या भाषेत रुजले ते उगाच नव्हे. पेशवाई बुडाल्यानंतर एलफिन्स्टनच्या सरकारने दख्खनच्या जातींचे कायदे व चालीरीती यांची विचारपूस करविली, आणि आर्थर स्टील याने त्यांचा संग्रह १८२७ साली प्रसिद्ध केला. शास्त्रात काय लिहिले आहे एवढेच न पाहता कोणत्या जातीत काय चालते हेही त्याने नोंदले, म्हणून तो ग्रंथ आजही मोलाचा आहे.

या जुन्या पद्धतीत पुरावा हा वेगळा विषयच नव्हता. पंच त्याच गावचे, त्याच जातीचे. नवरा दारू पिऊन मारतो की नाही, सासू उपाशी ठेवते की नाही, हे त्यांच्या कानांवर आधीच आलेले असे. निर्णय लवकर होई आणि खर्च थोडा लागे. पण या पद्धतीचे गोडवे गाण्यापूर्वी तिची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. पंच सारे पुरुष. बाईचे म्हणणे बहुधा तिचा बाप किंवा भाऊ मांडणार. ज्याचे घर मोठे त्याचा शब्द मोठा. जे सर्वांस ठाऊक असते ते नेहमीच खरे असते असे नाही, आणि पंचांपुढे उलटतपासाची सोय नव्हती. गावाला ठाऊक असणे यातच पुष्कळदा गावाचा आकसही मिसळलेला असे.

इंग्रजी न्यायालये आली तेव्हा या दोन व्यवस्थांची टक्कर झाली. १८६० च्या दंडसंहितेने पहिले लग्न कायम असता दुसरे लग्न करणे हा गुन्हा ठरविला. पुरुषाला हिंदू कायद्याने अनेक बायका करण्याची मुभा असल्यामुळे त्याची धग लागली ती स्त्रीला व तिच्याशी पाट लावणाऱ्याला. १८६४ साली मुंबईच्या उच्च न्यायालयाने, नवऱ्याच्या संमतीवाचून बायकोने त्याला सोडून दुसरा करावा ही एका कोळी जमातीची चाल नीतीविरुद्ध म्हणून अमान्य केली. १८७६ साली संभू रघूच्या खटल्यात त्याच न्यायालयाने सांगितले की, विवाह मोडल्याचे जाहीर करण्याचा, अथवा नवरा हयात असता बाईला पुनर्विवाहाची परवानगी देण्याचा जातीचा अधिकार न्यायालय मानीत नाही. जातीने मोकळी केलेली बाई सरकारच्या दृष्टीने बांधलेलीच राहिली. पंचांचा शब्द हा पुरावा उरला नाही आणि त्याच्या जागी दुसरे काही मिळालेही नाही.

या पोकळीचा अनुभव रखमाबाईंनी साऱ्या जगापुढे मांडला. अकराव्या वर्षी लग्न झालेल्या या मुलीने मोठेपणी नवऱ्याकडे नांदावयास जाण्याचे नाकारले. दादाजी भिकाजीने १८८४ साली दावा लावला. १८८५ साली न्यायमूर्ती पिन्हे यांनी तो फेटाळला, अपिलात तो निर्णय फिरला, आणि १८८७ साली न्यायमूर्ती फॅरन यांनी नांदावयास जा, नाहीतर तुरुंगात जा, अशा अर्थाचा हुकूम दिला. रखमाबाईंनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखविली. अखेर १८८८ साली दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली. पुढे त्या विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या. येथे लक्षात घ्यावयाचे ते असे की, हा विवाह आपणास मान्य नाही हे रखमाबाई कितीही पुराव्यानिशी सांगू शकल्या असत्या, तरी त्या पुराव्याचे करावयाचे काय याचे उत्तर त्या काळच्या हिंदू कायद्यात नव्हते. कारणच नाही तेथे पुरावा कशाचा देणार?

हे उत्तर प्रथम संस्थानांनी शोधले. कोल्हापुरात शाहू छत्रपतींनी १९१९ साली घटस्फोटाचा कायदा केला. बडोद्यास सयाजीराव महाराजांच्या राज्यात १९३१ साली हिंदू घटस्फोटाचा कायदा झाला. ब्रिटिश मुलखातील मुंबई प्रांतात १९४६ साली द्विभार्याप्रतिबंध आणि १९४७ साली हिंदू घटस्फोट, असे दोन कायदे लागोपाठ आले. म्हणजे मांजरीसारख्या पुणे जिल्ह्यातील गावात न्यायालयामार्फत घटस्फोट मागण्याची वाट सबंध देशासाठी कायदा होण्याच्या आठ वर्षे आधीच मोकळी झाली होती. पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हिंदू संहितेचे विधेयक नेटाने लढविले. ते रखडले तेव्हा १९५१ साली त्यांनी मंत्रिपद सोडले. त्या विधेयकाचा विवाहविषयक भाग १८ मे १९५५ रोजी हिंदू विवाह अधिनियम म्हणून अमलात आला.

१९५५ चा मूळ कायदा आज वाचताना त्याचा हात किती आखडता होता हे जाणवते. व्यभिचारासाठी घटस्फोट होता, पण जोडीदार व्यभिचारी जीवन जगत आहे असे दाखवावे लागे. एखादा प्रसंग पुरेसा नव्हता. धर्मांतर, बरे न होणारे वेड, महारोग, गुप्तरोग, संन्यास, सात वर्षे ठावठिकाणा नसणे ही आणखी कारणे होती. परंतु ज्या दोन गोष्टींनी सर्वसामान्य संसार मोडतो, त्या छळ आणि टाकून देणे यांसाठी एकदम घटस्फोट नव्हता. त्यांवर केवळ न्यायालयीन फारकत मिळे, आणि फारकतीनंतर दोन वर्षे एकत्र नांदणूक झाली नाही तर मग घटस्फोटाचा अर्ज करता येई.

आता पुराव्याकडे वळू. 'टाकून देणे' हे ऐकावयास किती सोपे वाटते! एकजण घर सोडून गेला आणि परत आला नाही, झाले. १९४७ च्या मुंबई कायद्यात चार वर्षे टाकून दिल्यास घटस्फोट होता. त्या कायद्याखालील बिपिनचंद्र शहा यांचा दावा सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९५६ च्या ऑक्टोबरात त्याचा निकाल लागला. पती विलायतेस गेला असता घडलेल्या गोष्टींवरून तो परतल्यावर वाद झाला, व मे १९४७ मध्ये पत्नी माहेरी निघून गेली. पतीने वकिलामार्फत नोटीस दिली. पुढे माहेरची माणसे तिला परत पाठविण्यास निघाली तेव्हा पतीने पाठवू नका अशी तार केली. न्यायालयाने सांगितले की, देहाने दूर असणे हा टाकण्याचा निम्मा भागच होय; सहजीवन कायमचे संपविण्याचा हेतू हा दुसरा भाग, आणि तोही सबंध मुदतभर टिकलेला दिसला पाहिजे. परत यावयास निघालेल्या बाईला ज्याने स्वतः थांबविले, त्याला तिने आपणास टाकले असे म्हणता येईना. पतीचा दावा गेला.

हा निवाडा माहेरी राहिलेल्या कित्येक स्त्रियांस कवचासारखा उपयोगी पडला यात शंका नाही. पण त्यातच एक जड धोंडाही होता. वैवाहिक अपराध हे फौजदारी गुन्ह्याप्रमाणे निःसंशय सिद्ध झाले पाहिजेत, असा सूर इंग्लंडच्या निवाड्यांच्या आधाराने त्या काळी न्यायालये लावीत असत. रस्त्यात झालेल्या मारामारीला चार साक्षीदार मिळतात. खोलीचे दार लोटल्यावर जे घडते त्याचे साक्षीदार दोघेच, आणि ते दोघेच एकमेकांचे वैरी. तेथे निःसंशय पुरावा मागणे म्हणजे दार बंदच ठेवणे होय.

हे दार उघडले ते एका पुण्याच्या दाव्याने. दास्ताने विरुद्ध दास्ताने या नावाने तो देशभरच्या वकिलांस पाठ आहे. विवाह १३ मे १९५६ रोजी पुण्यात झाला. १९ फेब्रुवारी १९६२ रोजी पतीने पुण्याच्या दिवाणी न्यायालयात अर्ज केला. विवाह फसवणुकीने झाला म्हणून तो रद्द करावा. नाहीतर वेडाच्या कारणाने घटस्फोट द्यावा. तेही नसेल तर छळाच्या कारणाने फारकत द्यावी, अशी त्याची तिहेरी मागणी होती. पहिल्या न्यायालयाने फसवणूक व वेड नाकारून छळ मान्य केला. जिल्हा न्यायालयाने तोही अमान्य केला. १९६९ साली उच्च न्यायालयाने पतीचे अपील काढून टाकले. सर्वोच्च न्यायालयाने केवळ छळाच्या प्रश्नापुरती परवानगी दिली आणि १९ मार्च १९७५ रोजी निकाल झाला. तो लिहिला मूळच्या पुण्याच्याच न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी.

त्यांनी मांडलेले सूत्र साधे आहे. विवाहाचा दावा हा दिवाणी दावा होय. त्यात दोन्ही बाजूंचे सांगणे तराजूत घालून कोणते अधिक संभवनीय आहे ते पाहावयाचे. निःसंशय पुराव्याची कसोटी माणसाचे स्वातंत्र्य हिरावून घेणाऱ्या फौजदारी खटल्यासाठी आहे. ती येथे लावणे चूक. छळ म्हणजे जीविताला धोका असेच समजू नये. एकत्र राहणे अपायकारक ठरेल अशी वाजवी भीती वाटली तर पुरे. आणि न्यायालयापुढे आदर्श पती व आदर्श पत्नी उभी नसून ही विशिष्ट दोन माणसे उभी आहेत, त्यांचे काय झाले ते पाहावे. या कसोटीवर आत्महत्येच्या आणि घर पेटवून देण्याच्या धमक्यांसारखे प्रकार न्यायालयाने छळ म्हणून सिद्ध धरले.

इतके होऊनही पती हरला, ही या दाव्यातील शिकण्यासारखी गोष्ट आहे. कायद्याच्या २३ व्या कलमाप्रमाणे छळ सिद्ध झाला तरी अर्जदाराने तो माफ केलेला नाही हेही न्यायालयाने पाहावे लागते. छळाच्या प्रसंगांनंतरही उभयतांचे सहजीवन पूर्ववत चालू राहिले होते, म्हणून माफी झाली असे न्यायालयाने धरले. तेरा वर्षे चार न्यायालयांची पायरी झिजविल्यावर अर्जदाराच्या हाती काही आले नाही. पण त्याच्या मागून येणाऱ्या हजारोंच्या खांद्यावरचे ओझे हलके झाले. आमच्या मनात येथे एक शंका राहते. ज्या बाईला माहेर नाही, हाती पैसा नाही, ती छळ सोसूनही त्याच घरात, त्याच खोलीत राहते. त्या राहण्याला माफी म्हणावयाचे की निरुपाय? २३ वे कलम वाचणाऱ्या प्रत्येक न्यायाधीशाने हा प्रश्न स्वतःस विचारावा असे आम्हास वाटते.

पुढच्याच वर्षी, १९७६ साली, संसदेने कायदा बदलला. छळ आणि दोन वर्षे टाकून देणे ही थेट घटस्फोटाची कारणे झाली. व्यभिचाराचा एक प्रसंगही पुरेसा ठरला. परस्पर संमतीने घटस्फोटाची नवी वाट निघाली. छळाच्या व्याख्येतून भीतीचे शब्द गळले आणि १९८४ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने लोंढे दाव्यात त्याचा अर्थ स्पष्ट केला : घटस्फोटासाठी जीविताला किंवा प्रकृतीला धोका दाखविण्याची आता गरज नाही. कारणांची यादी पुढेही बदलत राहिली. महारोग बरा होतो हे वैद्यकाने दाखवून दिल्यावर २०१९ साली ते कारण वगळण्यात आले.

भीतीची कसोटी गेल्यावर शब्दांनी होणारा छळही न्यायालयास दिसू लागला. २००३ सालचा भाटे दावा या दृष्टीने पाहावा. पत्नीच्या अर्जाला उत्तर देताना पतीने कैफियतीत तिच्या चारित्र्यावर शिंतोडे उडविले, व नंतर दुरुस्ती करून तो मजकूर मागे घेतला. सर्वोच्च न्यायालय म्हणाले की, असे आरोप लिहिणे हाच छळ होय, आणि मागाहून ते पुसल्याने झालेली जखम पुसली जात नाही. ज्या कागदाने पतीला बचाव करावयाचा होता तोच त्याच्याविरुद्ध पुरावा झाला. वकिलाच्या सल्ल्याने भलतेसलते लिहून देणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे.

जुन्या काडीमोडीचे काय झाले, असे कोणी विचारील. ती मेली नाही. १९५५ च्या कायद्याच्या २९ व्या कलमाने रूढीप्रमाणे मिळणारा घटस्फोट राखून ठेवला आहे. मात्र २००२ साली सर्वोच्च न्यायालयाने यमनाजी जाधव दाव्यात बजावले की, अशी रूढी आपल्या जातीत आहे हे जो म्हणतो त्याने ते प्रथम स्पष्ट मांडले पाहिजे व नंतर सिद्ध केले पाहिजे. केवळ मुद्रांकाच्या कागदावर सोडचिठ्ठी लिहून, दोघांच्या सह्या घेऊन विवाह मोडत नाही. तशा कागदाच्या भरवशावर दुसरे लग्न करणाऱ्याचे ते लग्न अवैध ठरते, आणि दुसऱ्या घरी गेलेल्या बाईच्या हाती पत्नीपणाचा हक्क राहत नाही. संभू रघूच्या खटल्याला जवळजवळ दीडशे वर्षे झाली, तरी पंचांसमोर मोकळी झालेली बाई कायद्यापुढे मोकळी नसणे हा प्रकार चालूच आहे. गावातील वडीलधाऱ्यांनी सोडचिठ्ठीला साक्षीदार म्हणून सही करण्यापूर्वी एवढा विचार अवश्य करावा.

आजच्या पिढीपुढे पुराव्याचा निराळाच प्रश्न आहे. पूर्वी पुरावा मिळत नसे. आता तो खिशातल्या यंत्रात साठतो. जनुकांच्या तपासणीने पितृत्व ठरविता येते. पुण्याच्या कुटुंब न्यायालयातील एका दाव्यात पत्नीचा व्यभिचार सिद्ध करण्यासाठी पतीने मुलाची अशी तपासणी मागितली. खालच्या दोन्ही न्यायालयांनी ती मान्य केली. २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने तो हुकूम रद्द केला. आईबापांच्या भांडणात मूल हे पुराव्याचे साधन नव्हे. पतीने आपला आरोप अन्य पुराव्याने सिद्ध करावा, असा त्या निर्णयाचा आशय आहे. उलट २०२५ च्या जुलैत त्याच न्यायालयाने, पतिपत्नींपैकी एकाने दुसऱ्याच्या नकळत ध्वनिमुद्रित केलेले संभाषण अशा दाव्यात पुराव्यादाखल घेता येते असे ठरविले. ज्या घरात एकाला दुसऱ्याचे बोलणे चोरून टिपावेसे वाटते तेथील विश्वास आधीच संपलेला असतो, अशी त्यामागची विचारसरणी आहे.

या दोन निर्णयांत आम्हास विसंगती दिसत नाही. पहिल्यात ज्याचा काही अपराध नाही अशा तिसऱ्या जीवाचे रक्षण केले आहे; दुसऱ्यात भांडणाऱ्या दोघांपैकी दुबळ्याला त्याच्या हाती असलेले एकमेव साधन वापरू दिले आहे. चार भिंतींच्या आत शिवीगाळ सोसणाऱ्या बाईला ते यंत्र शेजारणीच्या साक्षीपेक्षा उपयोगी पडेल. तेच यंत्र सबळाच्या हाती पाळतीचे हत्यार होईल, हा धोकाही खरा आहे.

परस्पर संमतीच्या वाटेने काही सिद्ध करावे लागत नाही, म्हणून ती अनेकांस सोयीची वाटते आणि आहेही. २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने असेही ठरविले की, विवाह सुधारण्यापलीकडे मोडला असेल तर ते स्वतःच्या विशेष अधिकारात तो संपवू शकते. हा अधिकार कुटुंब न्यायालयास नाही, आणि दिल्ली मांजरीहून फार दूर आहे. संमती द्यावयास दुसरी बाजू तयार नसेल, किंवा तीच संमती पोटगी व स्त्रीधन सोडून देण्याच्या मोलाने विकत घ्यावी लागत असेल, तर कारणे आणि पुरावा यांचीच वाट उरते. प्रतिवादी हजर झाला नाही तरी २३ व्या कलमाप्रमाणे न्यायालयाची खात्री पटवावीच लागते. म्हणून पुराव्याचा विचार कधीही कालबाह्य व्हावयाचा नाही.

समजा, मांजरीची एक लेक दूरच्या जिल्ह्यात दिली होती, आणि ती छळ असह्य होऊन माहेरी आली. २००३ च्या दुरुस्तीमुळे ती जेथे राहते तेथील न्यायालयात अर्ज करू शकते. तिला सासरच्या जिल्ह्यात हेलपाटे घालावे लागत नाहीत. दाव्याच्या काळात खर्च व पोटगी मागू शकते. सुनावणी बंद दाराआड होते. तिला निःसंशय पुरावा द्यावयाचा नाही, संभवनीयतेचे पारडे आपल्याकडे झुकविता आले की पुरे. भावाला लिहिलेले पत्र, दवाखान्याचा केसपेपर, पोलीस ठाण्यातील तक्रारीची नोंद, आईची साक्ष, यांतले काहीही क्षुल्लक नाही. घरातली माणसे हितसंबंधी म्हणून त्यांची साक्ष एकदम टाकून देता येत नाही, कारण घरातल्या गोष्टीला घरातलेच साक्षीदार असावयाचे. हे सारे तिला कोणीतरी वेळेवर सांगितले पाहिजे. बहुतेक वेळा तिला सांगितले जाते ते इतकेच, की थोडे सोस, लोक काय म्हणतील. आणि सोशिकपणात गेलेली ती वर्षे पुढे माफी म्हणून तिच्याच विरुद्ध मांडली जाण्याचा संभव असतो.

दोनशे वर्षांपूर्वी स्टीलने जातींच्या पंचांस विचारून चालीरीती लिहून घेतल्या. त्या काळचे गाव जाणत होते, पण न्याय देताना बाईला क्वचितच विचारीत होते. न्यायालय तिला विचारते, पण काही जाणत नाही; त्याला सारे सांगावे लागते. ज्यांस ठाऊक आहे त्यांनी न्यायालयात येऊन शपथेवर सांगणे हाच त्यावर उपाय आहे. भिंतीपलीकडचे ऐकू येणाऱ्या शेजाऱ्याने साक्षीला नकार देऊन कोर्टाची कटकट टाळली, तर कायद्याची सारी कलमे त्या बाईच्या उपयोगी पडावयाची नाहीत. मांजरी आता शहर झाली आहे आणि शहरात शेजाऱ्याकडे पाहू नये असा रिवाज पडतो. हा रिवाज निदान अशा वेळी तरी मोडावा, एवढीच आमची विनंती आहे.